भिंतीपलीकडच्या काकांना

प्रिय काका,
सप्रेम नमस्कार.

तीन वर्षं आपल्या दोन घरांत एकच भिंत, आणि मला तुमचं नावही ठाऊक नव्हतं. लिफ्टमध्ये गाठ पडली की मी मोबाइलमध्ये डोकं खुपसायचो, तुम्ही मजल्यांचे आकडे बघत उभे. भांडण नाही, ओळखही नाही.

त्या सकाळी मी तापाने फणफणलो होतो. गजर वाजत होता, मला ऐकूही येत होता, पण हात तिथवर पोचेना. मग दारावर थापा. कसाबसा उठून दार उघडलं, तर तुम्ही एका पायात चप्पल, दुसरा पाय अनवाणी. म्हणालात, "अहो, तुमचा गजर दोनदा वाजला की बंद होतो. आज अर्धा तास झाला. बरं आहे ना?"

डॉक्टरांकडे नेलंत, कपाळावर घड्या ठेवल्यात, त्याचे आभार आहेतच. पण मी अडकलोय त्या 'दोनदा'पाशी. ते मलाच माहीत नव्हतं! माझं सगळं हातच करायचे. कुलूप लावलं का, हे आठवेना म्हणून कितीदा तरी खालून परत वर आलोय. रोजच्या गोष्टीकडे मेंदू लक्ष देईनासा होतो, सोयच ती. पण माझ्या लेखी लिफ्टचं बटण आणि लिफ्टमधले तुम्ही, दोन्ही त्याच खात्यात गेला होतात.

अंथरुणात पडल्या पडल्या बरंच वाचलं. समाजशास्त्रज्ञ गेओर्ग झिमेल यांनी १९०३ मध्येच लिहून ठेवलंय, की महानगरात इतकं काही अंगावर येतं की माणूस बचावासाठी बधिर होतो. जागतिक आरोग्य संघटनेचा २०२५ चा अहवाल सांगतो, जगात सहांतल्या एकाला एकटेपणा ग्रासतो. मी स्वतःला त्यांच्यात कधी धरलंच नव्हतं. मला वाटायचं, मी कामात आहे.

ज्या सवयींनी मी बधिर झालो, त्याच तुम्हाला भिंतीपलीकडून माझी खुशाली कळवत होत्या, याची गंमत वाटते. थोडी लाजही.

आता तुम्ही मला अरे-तुरे करता, ते फार आवडतं. रात्री साडेदहाला तुमची खुर्ची सरकते, मग दिव्याचं बटण टक्. परवा अकरा वाजले तरी खुर्ची वाजली नाही, म्हणून मी धावत आलो. तुम्ही हसलात. "अरे, तुला त्रास नको म्हणून पायांना रबर लावलंय."

काका, ते रबर तेवढं काढून टाका.

तुमचा,
पलीकडचा