नातवाचं नाव

प्रिय दिनू,

सप्रेम नमस्कार.

पत्र मिळालं. नातू झाल्याचा आनंद तू दोन ओळींत उरकलास आणि बाकीची पानं सुनेनं सुचवलेल्या नावावर खर्च केलीस, तेव्हाच ओळखलं की घरात बरंच रामायण झालेलं दिसतंय. तुझ्या तक्रारी दोन. एक, राम हे फारच सर्रास नाव आहे, गल्लीत हाक मारली तर चार जण वळून बघतील. दुसरी, हल्ली हे नाव घेतलं की लोक आधी तुमचा पक्ष कोणता ते ताडून बघतात. पहिली मला मान्य नाही. दुसरी खरी आहे, पण तिच्यासाठी नाव टाकायचं कारण नाही. ग्रामपंचायतीत जन्म-मृत्यूचं रजिस्टर लिहिण्यात माझी अख्खी नोकरी सरली. नावांबद्दल कुणी विचारलं की मी गप्प बसत नाही हे तुला ठाऊकच आहे, तेव्हा आता भोग.

सर्रास म्हणतोस, पण नुसता 'राम' लिहिल्याचं मला फारसं आठवत नाही. रामचंद्र, रामदास, रामकृष्ण, रामराव भरपूर. त्याहून जास्त म्हणजे शेवटी राम जोडलेले: सखाराम, तुकाराम, राजाराम, आत्माराम, शिवराम, सीताराम, गंगाराम, जयराम, बळीराम. मराठी माणसाला रामाला एकटं सोडवत नाही. पुढे सखा लाव, गंगा लाव, शिव लाव, काही नाही तर मागे राव तरी लावच.

या यादीतलं मला सगळ्यात बोलकं वाटणारं नाव म्हणजे धोंडीराम. मुलं जगत नसली की पुढच्याचं नाव धोंडू, दगडू, केरबा असं ठेवायचे, म्हणजे दृष्ट लागायला नको, सटवीनं त्याच्याकडे ढुंकूनही बघू नये. पण नुसता धोंडा म्हणायला आईची जीभ रेटत नसणार. म्हणून धोंड्याला राम जोडून दिला. अर्धं नाव लपवाछपवीचं, अर्धं नवसाचं. जुन्या रजिस्टरात धोंडीराम दिसला की मी मागची पानं उलटून बघायचो, आणि त्याच आईबापांच्या नावावर आधीच्या एकदोन मृत्यूनोंदी बहुधा सापडायच्याच.

याच चालीतून आलेलं आणखी एक नाव आहे, ते मात्र घेताना अंगावर काटा येतो. गोडसे घराण्यातले आधीचे मुलगे दगावले म्हणून एका मुलाला मुलीसारखं वाढवलं, नाकात नथ घातली, आणि तो नथुराम झाला. त्याचं पाळण्यातलं नाव रामचंद्र. राजघाटावर गांधीजींच्या समाधीवर 'हे राम' ही अक्षरं आहेत. मरणाऱ्याच्या स्मारकावर राम आणि मारणाऱ्याच्या नावात राम. तेव्हा हे नाव अमक्या बाजूचं आणि तमक्या बाजूचं, असं मला कुणी सांगायला लागलं की मी विषय बदलतो.

आता मुळाकडे जाऊ. पंडित लोक 'रम्' धातू सांगतात. मूल खेळण्यात रमलं, असं आपण म्हणतो, तोच. ज्याच्या ठायी योगी रमतात तो राम, अशी फोड रामतापनीय उपनिषदात दिली आहे. छान आहे, कीर्तनात शोभते. पण वेदांच्या भाषेत 'राम' या विशेषणाचा अर्थ काळा, सावळा असाही आहे आणि निघंटू या वैदिक शब्दांच्या जुन्या कोशात रात्रीची जी नावं दिली आहेत त्यांत एक आहे 'राम्या'. म्हणजे तळ्यावर आपण ज्याला 'ए राम्या' म्हणून कोकलत हाका मारायचो, त्याला वैदिक मंडळींच्या हिशेबानं रात्रच म्हणत होतो! तसा तो होताही चांगला काळासावळा. आणि गंमत बघ, अंगणातल्या दोन तुळशींपैकी काळपट पानांची ती कृष्णतुळस आणि उजळ हिरवी ती रामतुळस. तिथे राम गोरा.

नाव रामायणाच्या नायकापुरतंही कधी नव्हतं. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात एका सूक्ताचा ऋषी म्हणून राम जामदग्न्य सांगतात, तोच आपला परशुराम. जुन्या ग्रंथांत तो बऱ्याचदा नुसता राम असतो, परशू मागाहून चिकटला. भागवतात राम आणि कृष्ण असं जोडीनं आलं की तो राम म्हणजे बलराम. गीतेच्या दहाव्या अध्यायात भगवान म्हणतात, शस्त्र धरणाऱ्यांत मी राम. हा राम दशरथाचा की जमदग्नीचा यावर टीकाकार आजवर भांडतात. बुद्धानं ज्यांच्याकडे साधना केली त्यांतल्या एकाचं नाव उद्दक रामपुत्त, म्हणजे कुणा रामाचा मुलगा. पारशांच्या महिन्यातल्या एकविसाव्या रोजाचं, म्हणजे दिवसाचं, नाव राम. उलट आपल्या मराठीची पणजी म्हणावी अशा महाराष्ट्री प्राकृतात विमलसूरीनं जैनांची रामकथा लिहिली, तिचं नाव 'पउमचरिय'. तिच्यात राम आहे, पण त्याचं मुख्य नाव पउम, म्हणजे पद्म. कथा रामाची आणि शीर्षकात राम नाही.

आपल्याकडे तर ज्ञानेश्वरीच्या शेवटीच राम भेटतो आणि तोही देव म्हणून नाही. 'तेथ यदुवंशविलासु । जो सकळकळानिवासु । न्यायातें पोषी क्षितीशु । श्रीरामचंद्रु' असं जे म्हटलंय ते देवगिरीच्या रामदेवराव यादवाबद्दल. शके १२१२, म्हणजे इसवी सन १२९०. पुढे जांबच्या नारायणानं आपण होऊन रामदास व्हायचं ठरवलं. राजाराम महाराज जिंजीला गेले तेव्हा इकडे राज्य सांभाळणाऱ्यांत रामचंद्रपंत अमात्य होते. पुण्यात नारायणराव पेशव्यांच्या खुनाबद्दल राघोबादादांना तोंडावर दोषी ठरवणारे रामशास्त्री. राघोबा म्हणजे रघुनाथ, ते तरी कुणाचं नाव? आरोपीही तोच, न्यायाधीशही तोच.

मोठ्या माणसांचं पुरे. माझा खरा जीव आहे तो रोजच्या बोलण्यातल्या रामात. ऑफिसचं दार ढकलून एखादा म्हातारा आत यायचा, 'राम राम भाऊसाहेब' म्हणायचा, टोपी काढून गुडघ्यावर ठेवायचा आणि थोडं थांबून सांगायचा, 'आमच्या थोरल्यानं रामपारी राम म्हटला.' मयताचं नाव विचारलं तर रामचंद्र. भेटला तो राम, पहाट झाली तो राम, जीव गेला तो राम, आणि रजिस्टरात लिहायला माझ्याकडे फक्त शेवटचा. बाकीच्यांना रकाना नाही. पुढे अंत्ययात्रेत 'राम बोलो भाई राम' ऐकू यायचं.

बोलण्यातल्या या रामाचा नेम नाही रे. भेटलो की रामराम, आणि नोकरीला 'रामराम ठोकला' म्हणजे सोडली. एखाद्या कामात राम उरला नाही म्हणजे त्यात दम उरला नाही. पोटभर जेवलो की आत्माराम शांत. औषध लागू पडलं की रामबाण, कारभार बिघडला की रामभरोसे, कामाचा रेटा वाढला की रामरगाडा. दोन्हीकडून होय म्हणणाऱ्याचं 'रामाय स्वस्ति, रावणाय स्वस्ति'. आणि खिशातून चाकू निघाला तर तो रामपुरी! ते नाव उत्तर प्रदेशातल्या रामपूर गावावरून, नबाबांच्या संस्थानातलं. राजकारणातल्या आयाराम-गयारामाची गोष्ट तर आणखी मजेची. १९६७ साली हरियाणात गयालाल नावाच्या आमदारानं पंधरवड्यात तीनदा पक्ष बदलला. माणसाचं नाव गयालाल, पण लोकांनी त्याचा गयाराम केला. १९८५ साली पक्षांतरबंदीचा कायदा आला, तरी वर्तमानपत्रांना तो शब्द अजून सोडवत नाही.

फळांचंही ऐक. रामफळ आणि सीताफळ ही दोन्ही झाडं मूळची अमेरिका खंडातली, समुद्र ओलांडून आपल्याकडे आलेली. आपण काय केलं, एकाला राम म्हटलं, दुसऱ्याला सीता, पुढे त्याच कुळातली आणखी दोन फळं आली त्यांना लक्ष्मणफळ आणि हनुमानफळ. अख्खं कुटुंब झाडावर बसवलं. परदेशी पाहुण्याला इतक्या लवकर घरचं नाव देणारे लोक आपण, आणि तू स्वतःच्या नातवाला देताना का कचरतोस?

पण एक रामा मात्र गोड नाही, तोही सांगतो. मुंबईतल्या शेठलोकांच्या आणि साहेबांच्या घरी कोकणातून आलेली पोरं घरगडी म्हणून राहायची. भांडी, बाजारहाट, मुलांना शाळेत पोचवणं. त्यांचं खरं नाव काही का असेना, विठ्ठल असो, गणपत असो, मालकीण हाक मारणार 'रामा'. एक गेला, दुसरा आला, तोही रामाच. 'रामा गडी' हा शब्दच झाला. देवाचं नाव घेऊन माणसाचं नाव पुसायचं, ही करामत आपल्याच लोकांनी केली. तुला आठवत असेल, आपल्या नाटकसिनेमांतला विनोदी नोकरही बऱ्याचदा रामाच असायचा. त्या वेळी आपण हसलो. आता मला तितकं हसू येत नाही.

आणि मग नाशिक. २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराच्या प्रवेशासाठी सत्याग्रह सुरू झाला. दरवाजे बंद केले गेले, पुढे रथाच्या दिवशी दगडफेक झाली, लढा काही वर्षं चालला आणि दार उघडलं नाही. नेतृत्व करणाऱ्याचं पूर्ण नाव लिही बरं एकदा: भीमराव रामजी आंबेडकर. वडील सुभेदार रामजी, कबीरपंथी. कबिराचा राम दशरथाचा मुलगा नव्हे, त्याला रूप नाही, देऊळ नाही. पत्नीचं नाव रमाबाई, म्हणजे तोच रम् धातू. घरात ज्याच्या दोन्हीकडे ते नाव होतं त्याला त्या नावाच्या दारात उभं केलं. १९३५ साली नाशिक जिल्ह्यातल्याच येवल्याला बाबासाहेबांनी जाहीर केलं, हिंदू म्हणून मरणार नाही. धर्म सोडला. मधलं नाव तिथेच राहिलं, कारण ते बापाचं होतं.

म्हणून तुझ्या दुसऱ्या तक्रारीला माझं उत्तर हे आहे. आज कोण हे नाव मोठ्यानं ओरडतंय त्यावरून ते ओरडणाऱ्याच्या मालकीचं होत नाही. छत्तीसगडमधल्या रामनामी लोकांना देवळात घेत नव्हते, तर त्यांनी अंगभर राम राम गोंदवून घेतलं. उधमसिंगांनी १९४० साली लंडनमध्ये ओडवायरला, म्हणजे जालियनवाला बागेच्या वेळी पंजाबचा कारभार बघणाऱ्या साहेबाला, गोळी घातली आणि अटकेनंतर स्वतःचं नाव 'राम मोहम्मद सिंह आझाद' सांगितलं, असं म्हणतात. यांतल्या कुणी कुणाची परवानगी घेतली होती? तुझ्या सुनेनंही घ्यायचं कारण नाही. तिनं कुठल्या विचारानं नाव काढलं हे तू मला पत्रात लिहिलंच नाहीस. तिला विचारलंस तरी का? की तिचं म्हणणं ऐकायच्या आधीच तू नावाला नावं ठेवायला बसलास?

राहिली हाक. ती तुझ्या हातात नाही, हे आत्ताच समजून घे. सोलापूर, जतच्या बाजूला असता तर रामण्णा झाला असता. तुमच्याकडे लहानपणी रामू होईल, मित्रांत राम्या, नोकरी लागली की रामभाऊ आणि चार पैसे गाठीला आले की रामराव. माणसाची पत वाढते तसं नाव लांबत जातं. पैसे गेले की पुन्हा राम्या.

आता कामाचं. जन्माची खबर २१ दिवसांच्या आत दवाखान्यातून गेली ना, एवढं बघ. दाखल्यावर नाव लगेच घालायची सक्ती नसते. नावाविना नोंद होते, आणि नोंदीपासून बारा महिन्यांत नाव सांगितलं तर पैसे पडत नाहीत. त्यानंतरही पंधरा वर्षांपर्यंत शुल्क भरून घालता येतं, पण तोवर थांबू नका, शाळेत दाखला मागतात. तेव्हा घाईघाईत भांडून टाकू नका. बारशाला आत्यानं कानात सांगितलं म्हणजे कायद्यानं झालं असंही नाही, कागदावर काय लिहायचं ते घरात बसून ठरवा. इंग्रजी स्पेलिंग मात्र आर-ए-एम ठेवा. कुणी अंकशास्त्राचा तज्ज्ञ दोन ए घालायला सांगेल, त्याचं ऐकलंत तर पासपोर्टपर्यंत खेटे घालाल. आर-ए-एम म्हणजे इंग्रजीत मेंढा आणि संगणकात मेमरी, हे पोरगं पुढे स्वतःच शोधून काढेल आणि वर्गात चारदोन दिवस चिडेल, तेवढं चालतं.

बारशाची तारीख ठरली की फोन कर. शक्यतो रविवार धरा, म्हणजे मुलाला गाडी घेऊन येता येईल. माझे गुडघे आता एसटीच्या पायऱ्यांना दाद देत नाहीत. वहिनींना नमस्कार, आणि सुनेला माझा निरोप सांग की भाऊसाहेबांनी नाव पास केलंय.

तुझा,
अण्णा