त्या हातमोज्यांसाठी थँक्यू, सुभेदार काका

काका नमस्कार, परवा तुमच्यासमोर रडूच आलं, नीट बोलता आलं नाही, म्हणून इथे लिहितेय, आपल्या ठाण्यातल्या इतरांनीही वाचावं.

कोपरीचं घर रिकामं करताना आमच्या फौजी आजोबांच्या ट्रंकेत ते लोकरीचे हातमोजे निघाले, दोन्हींना भोकं, मी सरळ कचऱ्याच्या पिशवीत टाकले. तुम्ही सामान उतरवायला आला होतात, ते बाहेर काढलेत, खिडकीपाशी नेऊन उलटे केलेत आणि म्हणालात, पोरी हे फाटलेले नाहीत, कापलेत. भोकांच्या कडेला खाकी दोऱ्याने शर्टाच्या काजाला घालतात तसे टाके होते! मी म्हटलं बंदुकीच्या ट्रिगरसाठी असेल, तर तुम्ही म्हणालात ट्रिगरला एक बोट पुरतं, इथे दोन्ही हातांचा अंगठा आणि पहिलं बोट मोकळं ठेवलंय, तुझे आजोबा सिग्नलमध्ये, म्हणजे सैन्याच्या संदेश पोचवणाऱ्या दलात होते ना, तारा जोडायला केलंय हे.

आजोबांना गरम कप हाताला कळायचा नाही, आजी ओरडायची, आम्हाला वाटायचं वय झालं. १९६२ ला चीनच्या युद्धात लडाखला होते, यापलीकडे काही माहीतच नव्हतं.

मग तुम्ही जिन्यात बसून तासभर सांगितलंत. कितीतरी जवान सुती कपड्यांत आणि कॅनव्हासच्या बुटांत वर पाठवले, हातात दर गोळीला बोल्ट ओढायची थ्री-नॉट-थ्री रायफल. १८ नोव्हेंबरला लडाखमधल्या रेझांग ला खिंडीत १६ हजार फुटांवर १३ कुमाऊं बटालियनच्या चार्ली कंपनीचे ११४ जण शहीद झाले, पुढच्या वर्षी मृतदेह सापडले तेव्हा कित्येकांच्या हातात हत्यार तसंच होतं. इथे तुमचा आवाज बसला. मग तुमचं कारगिल, १९९९, म्हणजे ३७ वर्षांनी, तरी बर्फातले कपडे-बूट सगळ्यांना पुरत नव्हते, मिग-२१ लढाऊ विमानांचे पायलट हातातला जीपीएस आणि स्टॉपवॉच घेऊन रात्री बॉम्ब टाकत होते, आणि तेव्हाचे लष्करप्रमुख जनरल मलिक म्हणाले होते की जे आहे त्यानिशी लढू. लोक याला कौतुकाने जुगाड म्हणतात, मला आता तो शब्द ऐकवत नाही काका, मोजे कापायची वेळच का यावी कोणावर?

तुम्ही नसतात तर ते मोजे घंटागाडीत गेले असते. आईने ते धुतले नाहीत, मलमलीत गुंडाळून कपाटात ठेवलेत. रविवारी घरी या, काकूंनाही आणा, आजोबांचे दोन-तीन फोटो सापडलेत, मागे उभे असलेले कोण ते तुम्हालाच ओळखता येईल.