दिवा गुडघ्याखाली धरणारे लोक

प्रिय मित्रा,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र येऊन तीन आठवडे झाले. उत्तराला उशीर झाला, त्याबद्दल राग मानू नकोस. माझ्या कादंबरीतील ज्वालामुखीच्या बेटावर राहणाऱ्या उमळ लोकांविषयी तू लिहिले होतेस की, त्या बेटाच्या जागी वाळवंट किंवा बर्फाचा डोंगर ठेवला, तरी या लोकांच्या वागण्यात काडीचाही फरक पडणार नाही. ते वाक्य जिव्हारी लागले, कारण ते खरे होते. तांबूस कातडी, निखाऱ्यासारखे डोळे, शीघ्रकोपी स्वभाव आणि अग्नीची पूजा एवढ्या सामग्रीवर मी एक अख्खी जमात उभी केली होती. ‘उमाळा’ या शब्दावरून त्यांचे नाव मात्र मनापासून ठेवले होते, तेवढे ठेवले आणि बाकीची पाने बाजूला काढली. त्यानंतर ज्वालामुखींविषयी मिळेल ते वाचत बसलो, आणि त्या वाचनातून जे उमळ नव्याने दिसू लागले, त्यांच्याविषयी सविस्तर लिहावे म्हणून हे पत्र.

माझी मूळ चूक अशी की, लाव्हा हेच मी सर्वस्व मानले. बेसाल्ट या काळ्या खडकाचा लाव्हा ११०० ते १२०० अंश सेल्सिअस इतका तापलेला असतो आणि वाटेत येईल ते जाळून गाडून टाकतो, हे खरे. पण सौम्य उतारावर तो बहुधा इतक्या सावकाश सरकतो की, धडधाकट माणूस त्याच्यापुढून चालत निघून जाऊ शकतो. घर जाते, शेत जाते, माणूस उरतो. माणसे मारणाऱ्या गोष्टी निराळ्या आहेत. कॅरिबियन समुद्रातील मार्टिनिक बेटावर ८ मे १९०२ च्या सकाळी माउंट पेले या पर्वतावरून तापलेल्या वायूचा आणि राखेचा लोट सुटला आणि काही मिनिटांत सेंट पिएर हे शहर सुमारे २८,००० माणसांसह नष्ट झाले. त्याहूनही मला हलवून गेली ती कॅमेरूनमधील न्योस सरोवराची हकिकत, कारण तिथे जाळही नव्हता आणि राखही नव्हती. भूगर्भातून झिरपून सरोवराच्या खोल पाण्यात विरघळलेला कार्बन डायऑक्साइड २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री एकाएकी उसळून वर आला, आणि हवेच्या सुमारे दीडपट जड असल्यामुळे दऱ्यादऱ्यांतून पाण्यासारखा खाली उतरत गेला. सुमारे १,७०० माणसे आणि हजारो गुरे त्या एका रात्रीत मेली, कित्येकजण झोपेतच. मध्य आफ्रिकेतील किवू सरोवराच्या आसपास खोलगट जागी असा वायू साठून राहतो आणि त्याला स्वाहिली भाषेत ‘माझुकू’ असा वेगळा शब्दच आहे. ज्या भाषेत अशा हवेसाठी शब्द घडवावा लागतो, ती भाषा बोलणारे लोक आपल्यासारखे चालत नसणार, वाकत नसणार, मुलांना झोपवतही नसणार, असे मला वाटले, आणि तिथेच माझे उमळ मला सापडले. ते विस्तवाला भीत नाहीत. ते खोलगटाला भितात.

आता त्यांचा दिवा कसा असतो ते सांगतो, कारण माझ्या मते सारी जमात त्या दिव्यात आहे. लांब काठीच्या टोकाला टांगलेली ती एक छोटी पणती असते आणि उमळ माणूस उतारावरून खाली जाताना ती गुडघ्याच्याही खाली धरतो. चेहऱ्याजवळ धरलेला दिवा विझेपर्यंत फार उशीर झालेला असतो. जड वायू आधी पायाशी साचतो, म्हणून पायाशीच राखण हवी. पहिल्या प्रकरणात एक आजी नातवाला घेऊन दरीच्या तोंडाशी हरवलेली शेळी शोधायला जाते. ज्योत आधी मलूल होते, मग वातीपासून सुटल्यासारखी थरथरते आणि विझते. आजी ओरडत नाही, वळून पळतही नाही. तोंड दरीकडेच ठेवून ती एकेक पाऊल मागे, चढावर टाकते आणि मुलाच्या खांद्यावरचा हात दाबून त्याला श्वास लांब ठेवायला सांगते. कारण हा वायू वाढला की, शरीर आपोआप भराभर श्वास घेऊ लागते आणि तीच धाप अधिक वायू आत ओढते. मुलाच्या हातातली घुंगरांची माळ खाली पडलेली असते, तो ती उचलायला वाकू पाहतो, आणि आजी त्याला धरून ठेवते. खोलगटात पडलेली वस्तू उमळ उचलत नाहीत, मग ती कितीही मोलाची असो.

या एका गोष्टीतून बाकीचे आपसूक निघत गेले. इटलीत नेपल्सजवळ ‘कुत्र्याची गुहा’ म्हणून एक जागा आहे, तिथे जमिनीलगत हाच वायू साठतो; पूर्वी वाटाडे प्रवाशांना दाखवण्यासाठी कुत्रा आत नेत, तो बेशुद्ध पडे आणि शेजारी उभ्या माणसाला काही होत नसे. त्या मुक्या जनावराचे वाईट वाटलेच, पण उंचीचा अर्थही तिथेच कळला. जिथे दोन वितींच्या फरकावर जीव अवलंबून आहे, तिथे लहान मूल सर्वांत जास्त धोक्यात. म्हणून उमळांचे पाळणे आढ्यालगत टांगलेले असतात, लेकरे खांद्यावर वाढतात, आणि दाराच्या चौकटीवर कोरलेल्या खुणेपर्यंत मुलाचे नाक पोहोचले की मगच त्याला एकट्याने उतारावर जाता येते. तो त्यांचा सर्वांत मोठा सण. ते कुणापुढे वाकत नाहीत. वडीलधाऱ्यांना ते हनुवटी उचलून अभिवादन करतात. त्यांच्या बोलीत ‘खाली’ आणि ‘निपचित’ यांना एकच शब्द आहे. आणि ज्या संतापाने मी त्यांना पूर्वी भरून टाकले होते, तो त्यांच्यात असूच शकत नाही. आरडाओरडा करणारा माणूस त्यांना असभ्य वाटतो, कारण तो श्वास उधळतो आणि मुलांना तेच शिकवतो.

राखेविषयी थोडक्यात लिहितो. ज्वालामुखीची राख चुलीतल्या राखेसारखी मऊ नसते, ती खडकाची आणि काचेची पूड असते. भिजली की तिच्या ओझ्याने छपरे बसतात. म्हणून उमळांची छपरे अतिशय उभी आहेत आणि त्यांच्या डोळ्यांना पक्ष्यांसारखी एक तिसरी, पारदर्शक पापणी मी दिली आहे. शरीरात एवढाच बदल केला, अधिक करायचा मोह आवरला. मात्र आइसलँडमधील लाकी येथील उद्रेक मला सोडवेना. १७८३ पासून सुमारे आठ महिने तो चालला, त्यातून निघालेले फ्लोरीन हे विषारी द्रव्य गवतावर बसले, ते चरून गुरांच्या दातांवर आणि हाडांवर वेड्यावाकड्या गाठी आल्या, बहुतेक जनावरे गेली, आणि त्यानंतरच्या दुष्काळात तिथल्या लोकसंख्येचा सुमारे पाचवा हिस्सा दगावला. उमळ म्हणूनच शेळी देताघेताना आधी तिचा जबडा उघडून दाखवतात. कुणी दात न दाखवता जनावर दिले, तर त्या घराशी सोयरीक होत नाही.

एवढे असून ते तिथेच का राहतात, असे तू विचारशीलच. जुनी राख झिजून जी माती होते ती विलक्षण सुपीक असते, आणि एका उद्रेकापासून दुसऱ्यापर्यंत कित्येक पिढ्या सुखाने पिकवून खातात. शिवाय दूर जाणे म्हणजे सुटणे असेही नाही: मेक्सिकोतील पारिकुटिन हा ज्वालामुखी २० फेब्रुवारी १९४३ रोजी मक्याच्या शेतातच उघडला आणि १९५२ पर्यंत धुमसत राहिला. उमळांना त्यांचा डोंगर निदान ठाऊक आहे.

सोबत तिसरे प्रकरण पाठवत आहे. त्यात तो नातू मोठा झालेला नाही, चौकटीवरच्या खुणेला त्याचे नाक अजून दोन बोटे कमी आहे, आणि तो माळ आणायला एकटाच उतरतो. आजी दरीच्या तोंडाशी येते तेव्हा तो खाली पडलेला असतो आणि तिचा दिवा विझलेला असतो. जन्मभर न वाकलेली ती बाई छातीत श्वास भरून घेते आणि वाकते. इथेच मी थांबलो आहे. तिने मुलाला वर ढकलावे एवढे नक्की. ती स्वतः परत यावी की नाही, हे तू वाचल्यावर मला सांग.

कळावे, लोभ असावा.

तुझा,
जुना मित्र