उदय शंकर यांच्याविषयी, आई-बाबांना

तीर्थरूप आई-बाबांस,
साष्टांग नमस्कार.

बाबा, चित्रकला शिकायला विलायतेला गेलेले उदय शंकर नर्तक झाले, म्हणजे त्यांचे शिक्षण वायाच गेले, असे तुम्ही परवा फोनवर म्हणालात. मला ते पटले नाही, म्हणून सविस्तर लिहीत आहे.

मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून ते १९२० साली लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ आर्टमध्ये गेले. तिथे असतानाच विख्यात बॅले नर्तिका आना पाव्हलोवा यांनी त्यांना हेरले आणि १९२३ साली ‘राधा-कृष्ण’ या नृत्यात स्वतः राधा होऊन त्यांना कृष्णाची भूमिका दिली. तोवर त्यांनी कोणत्याही गुरूकडे शास्त्रीय नृत्याची रीतसर तालीम घेतलेली नव्हती. जाणकारांनी ही उणीव त्यांच्या पदरात वारंवार घातली. पण कोणत्याही घराण्याचे व्याकरण अंगात मुरलेले नसल्यामुळेच हा माणूस रंगमंचाकडे कोऱ्या कॅनव्हासासारखे पाहू शकला, असे माझे मत आहे. पुढे स्विस शिल्पकार अ‍ॅलिस बोनर यांच्यासह भारतभर हिंडून त्यांनी आपला नृत्यसंच उभा केला आणि १९३१ साली पॅरिसमध्ये पहिला प्रयोग केला.

त्यांच्यातला चित्रकार मला सर्वाधिक दिसतो तो त्यांनी हिमालयातल्या अल्मोड्याला उभारलेल्या नृत्य-शिक्षणाच्या केंद्रात. कथकलीचे शंकरन नंबुद्री आणि संगीताचे अल्लाउद्दीन खाँ यांच्यासारखे गुरू त्यांनी तिथे आणले खरे, परंतु तिथली ‘रामलीला’ त्यांनी छायानाट्याच्या रूपात बसवली: भव्य पडद्यामागे नर्तक, आणि प्रेक्षकांना दिसतात केवळ त्यांच्या सावल्या. चेहरा नाही, नेत्राभिनय नाही. जे सांगायचे ते देहाच्या बाह्यरेषेने आणि दिव्यापासूनच्या अंतराने सांगायचे. रेखाटनाचा सराव नसलेल्या नृत्यदिग्दर्शकाला हे सुचले असते का, बाबा? (आई, तुझे आवडते गुरुदत्त याच केंद्राचे विद्यार्थी.)

पैशाअभावी केंद्र बंद पडले. त्यानंतर १९४८ साली आलेल्या ‘कल्पना’ या चित्रपटात माणसांना यंत्राचे भाग बनवणारे नृत्य आहे, आणि उतारवयातल्या ‘शंकरस्कोप’मध्ये तर त्यांनी चित्रपटाचा पडदा आणि रंगमंच यांची सांगड घातली. १९७७ साली ते कलकत्त्यात निवर्तले.

‘कल्पना’ची दुरुस्त केलेली प्रत २०१२ साली कान महोत्सवात दाखवली गेली. पुढच्या वेळी घरी आले की आपण तिघे मिळून हा चित्रपट पाहू; कथानक विस्कळीत आहे, त्याकडे दुर्लक्ष करून बाबांनी केवळ चौकटींची रचना पाहावी आणि मग आपण पुन्हा वाद घालू.

तुमची लेक