साबुदाण्याच्या भावासोबत बँकॉक आणि सेलमचा भावही छापा

संपादक साहेब, सादर नमस्कार.

आपल्या पेपरात इंदूरच्या सियागंज बाजारातले किराणा भाव येतात, त्यात साबुदाण्याची एक ओळ असते, आणि श्रावण लागला की वर बातमी येते की उपवासामुळे मागणी वाढली म्हणून साबुदाणा तेज. दरवर्षी हेच कारण. आता उपवास तर दरवर्षीच असतात, नवरात्र काही अचानक येत नाही, मग एखाद्या वर्षी भाव चढतो आणि एखाद्या वर्षी पडूनच राहतो असं का होतं हे कोणी लिहीतच नाही. मी उपवासाच्या चकल्या-पापड्यांचं घरगुती काम करते, उन्हाळ्यात साबुदाणा कट्ट्यांनी लागतो, त्यामुळे हा माझ्या पोटापाण्याचा विषय आहे. जरा लांब लिहितेय, शक्यतो कापू नका.

साबुदाणा म्हणजे टॅपिओकाच्या कंदाचा स्टार्च. आपल्याकडे इंदूरला येतो तो मुख्यतः तामिळनाडूतल्या सेलम-नामक्कल पट्ट्यातून. पण टॅपिओकाची जगातली हवा ठरवतो थायलंड, कारण सगळ्यात मोठा निर्यातदार तोच. तिथली स्टार्चवाल्यांची असोसिएशन दर आठवड्याला निर्यातीचा भाव जाहीर करते, बँकॉकला जहाजावर चढवलेल्या मालाचा, टनाला इतके डॉलर असा. 2023 च्या शेवटी तो 500 डॉलरच्या चांगला वर होता आणि 2025 मध्ये उतरून 400 च्या आसपास आला. कारण काय, तर थायलंडचं सगळ्यात मोठं गिऱ्हाईक चीन. तिथे टॅपिओकाचे वाळवलेले काप अल्कोहोल बनवायला जातात, स्टार्च खाण्याच्या वस्तूंत आणि कागदात जातो, आणि 2024 मध्ये चीनमध्येच मका स्वस्त झाला, मग कारखानदार मक्याकडे वळले आणि थायलंडच्या मालाला उठाव राहिला नाही. तिथल्या शेतकऱ्याला कंदाचे किलोमागे 3 बाटच्या (बाट म्हणजे तिथलं चलन) वर मिळत होते ते 2 बाटच्या आसपास आले. बिचाऱ्यांच्या बाबतीत हे पहिल्यांदा नाही, 1980 च्या दशकात त्यांचा माल युरोपात गुरांच्या खाद्याला जायचा, 1982 मध्ये युरोपने कोटा लावला, 1992 च्या सुधारणांनंतर युरोपातलंच धान्य स्वस्त झालं आणि ते मार्केट हळूहळू हातातून गेलं.

तुम्ही म्हणाल याचा इंदूरच्या खिचडीशी काय संबंध? आहे ना. सेलमच्या पट्ट्यात त्याच कंदापासून साबुदाणाही बनतो आणि स्टार्चही बनतो, स्टार्च कापड-कागद-गोंदवाले घेतात. बाहेरचा स्टार्च स्वस्त पडायला लागला की इथल्या स्टार्चला भाव मिळत नाही, मग कारखाने साबुदाण्याकडे वळतात, साबुदाणा जास्त होतो, भाव पडतो आणि कंद पिकवणाऱ्याच्या हातात काहीच उरत नाही. कंद एकदा उपटला की दोन-तीन दिवसांत खराब व्हायला लागतो, तो घरी ठेवून भावाची वाट बघणार कशी? मग पुढच्या हंगामात तो ऊस लावतो नाहीतर मका लावतो. टॅपिओकाचं पीक जवळपास दहा महिन्यांचं, म्हणजे आजच्या मंदीचा परिणाम आपल्याला एक-दीड वर्षाने दिसतो, आणि तेव्हा आपण म्हणतो की नवरात्रामुळे महाग झाला. वरून रोग-किडी वेगळ्याच, 2020 मध्ये केरळात कसाव्हावरचा, म्हणजे टॅपिओकावरचाच, परदेशी पिठ्या ढेकूण सापडला आणि तो तामिळनाडूत पसरला, पुढे त्याला मारणारी छोटी गांधीलमाशी बाहेरून आणून 2022 मध्ये शेतात सोडावी लागली.

म्हणून माझं म्हणणं, स्वस्त साबुदाणा बघून खूश होण्याआधी तो कशामुळे स्वस्त आहे ते बघायला पाहिजे. सेलमच्या शेतकऱ्यांची जुनी तक्रार आहे की काही जण त्यात मक्याचा स्टार्च मिसळतात. पापड्या घालणाऱ्या बायकांना हे चुलीवरच कळतं. चांगला साबुदाणा शिजला की चीक काचेसारखा आरपार दिसतो, डावाने प्लास्टिकवर टाकला की गोल पसरतो आणि वाळल्यावर पापडी अलगद सुटते. मक्याची भेसळ असली तर चीक पांढरट राहतो, कितीही घोटा, आणि पापडी उन्हात तडकते. असा एक घाणा वाया गेला तर साबुदाणा, गॅस, दिवसभराची मेहनत सगळं गेलं, आणि थोकवाला म्हणतो ताई माल तर वरूनच असा आलाय.

आता आकड्यांचं. केंद्राच्या वाणिज्य मंत्रालयाच्या वेबसाइटवर दर महिन्याची आयात-निर्यात मिळते, साबुदाण्याचा कोड 1903 आणि टॅपिओका स्टार्चचा 110814. एकूण किमतीला वजनाने भागलं की सरासरी भाव निघतो, तुमच्या वार्ताहराला दहा मिनिटांचं काम आहे. फक्त दोन गोष्टी सांभाळा. आयातीच्या किमतीत जहाजाचं भाडं आणि विमा धरलेला असतो, निर्यातीच्या किमतीत तो नसतो, त्यामुळे दोन्ही सरळ शेजारी ठेवून "बघा केवढा फरक" असं लिहू नये. आणि स्टार्चचा भाव म्हणजे साबुदाण्याचा भाव नाही, दाणे पाडणं, भाजणं, उन्हात वाळवणं हा खर्च मध्ये येतो. डॉलरचा भाव आणि कस्टम ड्युटी धरल्याशिवाय तर आयातीचा माल खरा कितीला पडला हे समजतच नाही.

तेव्हा विनंती अशी की आठवड्यातून एकदा सियागंजच्या भावाशेजारी सेलमच्या सागोसर्व्ह या सहकारी संस्थेच्या लिलावाचा भाव आणि बँकॉकचा भाव, दोन्ही द्या. 1981 सालची संस्था आहे, 2023 मध्ये सेलमच्या साबुदाण्याला जीआय टॅगही (हा माल त्याच भागाचा, अशी सरकारी ओळख) मिळालाय. आमच्यासारख्या बायका माघ-फाल्गुनातच माल भरतात, तेव्हा कळलं की बँकॉकला मंदी आहे आणि सेलमला लागवड कमी झालीय तर पुढच्या वर्षीचा थोडा जास्त भरून ठेवता येईल. आणि श्रावणाआधी अन्न विभाग साबुदाण्याचे नमुने घेतो का, घेतले तर रिपोर्ट काय आले, हेही एकदा विचारून छापा.

आपली एक वाचक,
लोकमान्य नगर, इंदूर