शनिवारच्या हायलँड्स सहलीबद्दल

सभासदहो, शनिवारी बस सकाळी ८ ला सुटेल. पावणेआठलाच एडिंबराच्या वेव्हर्ली स्टेशनजवळ ठरलेल्या जागी हजर राहा. गाईड कुणासाठी थांबत नाही, आणि परतायला रात्रीचे आठ वाजणार असल्याने त्याचं बरोबरच आहे.

ग्लेन्को या दरीतला थांबा छोटा आहे, पण तेवढ्यात डुलकी काढू नका. १३ फेब्रुवारी १६९२ च्या पहाटे इथे मॅकडोनाल्ड कुळातल्या लोकांना सैनिकांनी कापून काढलं. तेही जवळजवळ दोन आठवडे त्यांच्याच घरचं खाऊन-पिऊन! गाईड हे सांगत असताना दरीकडे बघा, दोन्ही बाजूंचे काळे कडे अंगावर येतात.

लॉख नेस हे तळं सुमारे २३० मीटर खोल. पाण्यात पीटचा (कुजलेल्या वनस्पतींच्या काळ्या मातीचा) गाळ इतका की थोड्या खोलीवरच काही नीट दिसत नाही, मग नेसी, म्हणजे या तळ्यातला दंतकथेतला राक्षस, कुठून दिसणार? बोटीचं तिकीट वेगळं, पैसे ज्याचे त्याने.

रेनकोट हवाच, छत्री वाऱ्यात टिकत नाही. मिजेस नावाची चिलटं फार चावतात, तेव्हा पूर्ण बाह्यांचे कपडे घाला. डबा आणा, पण ठेचा नको. बसच्या खिडक्या बंद असतात, मंडळी.

ज्यांना गाडी लागते त्यांनी पुढच्या सीटसाठी आजच कळवा.