विहिरीच्या तोंडाशी

कानकुन, रात्रीचे साडेअकरा

प्रिय बंड्या,

केस अजून ओले आहेत, पोटऱ्या दुखतायत, बाल्कनीच्या कठड्यावर टॉवेल ठिबकतोय. झोपायला हवं, पण आत्ता लिहिलं नाही तर उद्यापर्यंत यातलं अर्धं उडून जाईल.

तू विचारलं होतंस, मेक्सिकोतल्या माया लोकांच्या जुन्या शहराला, चिचेन इत्साला, टूरबरोबर जावं की गाडी भाड्याने घेऊन आपलं आपण. आधी उत्तर देऊन टाकतो: गाडी घे. आमची टूर वाईट नव्हती, गाईड तर लाखात एक होता. पण टूरवाल्यांनी भग्नावशेषांना दिले दीड तास आणि वस्तूंच्या दुकानाला पाऊण तास. त्या दुकानात एक बाई प्रत्येकाची जन्मतारीख विचारून माया लिपीत लॉकेट करून देत होत्या. मी तुझी तारीख सांगून भाव विचारला आणि मग तुझ्यावरचं प्रेम आवरलं. कंपनीचं नाव लिहीत नाही. तू आलास की तोंडी सांगेन, शिव्यांसकट.

सकाळी सात वाजता निघालो. कानकुनपासून अंतर साधारण दोनशे किलोमीटर. रस्ता सरळ, दोन्ही बाजूंना बुटकं, दाट, एकसारखं जंगल. दोन तास खिडकीबाहेर बघत होतो आणि काहीतरी चुकतंय असं वाटत होतं, पण काय ते कळेना. मग लक्षात आलं, एकही पूल लागला नव्हता. नदी नाही, ओढा नाही, नालासुद्धा नाही. गाईडला विचारलं तर तो हसला. म्हणाला, "याच प्रश्नाची वाट बघत असतो मी. उत्तर संध्याकाळी, पाण्यात."

वाटेत राज्याची सीमा लागते. कानकुन किंताना रो राज्यात, चिचेन इत्सा युकातान राज्यात, आणि दोघांच्या घड्याळात एका तासाचं अंतर. किंताना रोने 2015 पासून आपली वेळ एक तास पुढे नेली आहे. त्यामुळे जाताना एक तास फुकट मिळतो. गाईडने माइकवरून जाहीर केलं, "हा तास कंपनीकडून भेट." आणि हळूच पुढे जोडलं, "येताना परत घेऊ." मी घड्याळ मागे केलं.

तिकिटं दोन काढावी लागतात, एक केंद्राचं आणि एक राज्याचं. आमची टूरमध्येच होती, पण तू स्वतः गेलास तर दोन खिडक्यांवर उभं राहायची तयारी ठेव. आणि दार उघडतं तेव्हाच पोच. अकरानंतर बसगाड्यांची रीघ लागते आणि ऊन असं की पांढरा दगड डोळ्यांत घुसतो.

कुकुलकानचा, म्हणजे पिसांच्या सापदेवाचा, पिरॅमिड तू हजार वेळा फोटोत पाहिला आहेस, त्याचं वर्णन काय करू! चारी बाजूंना एक्याण्णव पायऱ्या, वरचा चौथरा धरला की तीनशे पासष्ट. चढायला आता बंदी आहे, दोरीबाहेरूनच बघायचं. 20 मार्च आणि 22 सप्टेंबरच्या आसपास दुपारी उत्तरेकडच्या जिन्याच्या कठड्यावर उन्हाचे त्रिकोण पडतात आणि साप खाली सरपटत आल्यासारखा दिसतो. आमच्या नशिबी गाईडच्या हातातला प्लास्टिकमध्ये बंद केलेला फोटो.

पण टाळीचा आवाज! जिन्यासमोर उभं राहून एक टाळी वाजवायची. परत येते ती टाळी नसते, पक्ष्याची किलबिल असते, "च्यूंव" अशी, वरच्या सुरातून खाली घसरत येणारी. केत्झाल नावाचा पक्षी असाच ओरडतो म्हणतात. गाईडने कारण वाळूत काठीने काढून दाखवलं. प्रत्येक पायरी आवाजाचा एक एक तुकडा परत पाठवते. खालच्या पायऱ्यांचे तुकडे पटापट येतात, वरच्यांचे अंतर राखून, आणि तुकड्यांमधलं अंतर वाढत गेलं की सूर उतरतो. ते त्यांनी ठरवून केलं की आपोआप झालं हे त्याने सांगितलं नाही, आणि मला त्याचं तेच आवडलं. मी अकरा टाळ्या वाजवल्या. शेजारच्या जर्मन आजोबांनी तेरा.

त्याच वाळूत त्याने मग माया आकडे काढले. एकासाठी टिंब, पाचासाठी आडवी रेघ आणि शून्यासाठी शिंपला. मोजणी विसाच्या पटीत. मी लगेच छाती फुगवून म्हणालो, "शून्य आमच्याकडचं." तो म्हणाला, "असेल. पण आम्ही तुम्हाला विचारायला आलो नव्हतो." बस गप्प. त्यांनी ते आपलं आपण शोधलं होतं, हे मला माहीत होतं रे, पण सवय जात नाही.

चेंडूच्या मैदानावर गंमत झाली. मैदान प्रचंड आहे, 168 मीटर लांब आणि 70 मीटर रुंद. भिंतीत सहा मीटर उंचीवर दगडी कडं बसवलेलं, आणि भरीव रबराचा चेंडू उडवायचा तो कमरेने. भिंतीवर एक खेळाडू गुडघ्यावर बसलेला कोरलाय, मुंडकं उडालेलं, आणि मानेतून रक्ताऐवजी साप निघतायत. आमचा गाईड म्हणाला, इथे कोणाचा बळी जायचा यावर वाद आहे. तेवढ्यात मागच्या गटाचा गाईड ठामपणे सांगत होता, जिंकलेल्याचा. आणि पुढच्या गटाचा तितक्याच ठामपणे, हरलेल्याचा. मी मध्ये उभा. दगडावर स्कोअर काही लिहिलेला नाही.

आता मुख्य गोष्ट. दीड तास संपत आला तेव्हा गाईड म्हणाला, पंधरा मिनिटं मोकळी, कोणाला खरेदी करायची असेल तर करा. (जॅग्वारच्या डरकाळीची शिट्टी विकणारे पावलोपावली आहेत, दिवसभर कानात जॅग्वार.) मी विचारलं, ती विहीर कुठे? त्याने उत्तरेकडे बोट दाखवलं. "तीनशे मीटर. पळत जा." गटातून मी एकटाच निघालो. झाडांतून सरळ गेलेला तो जुना रस्ता, सकबे म्हणतात, म्हणजे पांढरा रस्ता. पूर्वी त्यावर चुन्याचा गिलावा असायचा.

रस्ता संपतो आणि जमीनच संपते. साठेक मीटर व्यासाचा खड्डा, कडा उभ्या कापलेल्या, आणि खोल खाली हिरवंगार पाणी, हललं तरी कळणार नाही असं. हेच ते पवित्र सेनोते. (सेनोते म्हणजे अशी नैसर्गिक विहीर. हा शब्द तू आपल्या 'तळे'सारखा चालव. सेनोत्यात, सेनोत्याला. मी दिवसभर तसाच चालवला, काही बिघडत नाही.) इथे कोणी पोहत नाही. प्यायचं पाणी शहराच्या दुसऱ्या बाजूच्या श्तोलोक नावाच्या सेनोत्यातून यायचं. हे पाणी पर्जन्यदेव चाकचं, यात त्याला वाहायचं. एडवर्ड थॉम्सन नावाच्या अमेरिकन वकिलातीतल्या माणसाने ही सगळी जागाच विकत घेतली आणि 1904 पासून या विहिरीचा गाळ उपसला. सोनं, जेड, धुपाचे गोळे, घंटा, आणि माणसांची हाडं. बरंचसं हार्वर्डच्या पीबडी संग्रहालयात गेलं, काही भाग पुढे परत आला.

धापा टाकत परत आलो तेव्हा एक बाई गाईडला विचारत होत्या, "इथे कुमारिकांना ढकलायचे ना?" तो पहिल्यांदाच गंभीर झाला. म्हणाला, ही गोष्ट पर्यटकांना फार आवडते, पण विहिरीत पुरुषांची, बायकांची, मुलांची, सगळ्यांची हाडं सापडलीत. आणि विहिरीजवळच्या जमिनीखालच्या एका टाक्यात 1967 मध्ये शंभरावर लहान मुलांचे अवशेष मिळाले होते. त्यातल्या चौसष्ट जणांची जनुकीय तपासणी 2024 मध्ये प्रसिद्ध झाली. सगळे मुलगे. त्यात एकसारख्या जुळ्यांच्या दोन जोड्या. मग तो म्हणाला, "त्या मुलांची जनुकं जवळच्या गावातल्या आजच्या माणसांशी ताडून बघितली, नातं जुळलं. लोक मला विचारतात, माया लोक गेले कुठे. माझी आई अजून स्पॅनिश अडखळत बोलते." त्या बाईंनी फोन पर्समध्ये ठेवला.

जेवणाचं एका ओळीत उरकतो: केळीच्या पानात भाजलेलं लालभडक कोचिनीता पिबिल, म्हणजे डुकराचं मांस, उत्तम. पेयांचे पैसे वेगळे, ते आधी सांगितलेलं नव्हतं.

आणि मग सेनोते. पोहायचं.

बहुतेक टूर इक किल नावाच्या प्रसिद्ध सेनोत्यावर नेतात. आमची गाडी गावकऱ्यांनी चालवलेल्या एका लहान सेनोत्याकडे वळली. कपडे ठेवायला लॉकर, मग शॉवर सक्तीचा. साबण नाही, क्रीम नाही, डासांचं मलम नाही. सकाळी ज्यांनी सनस्क्रीन थापलं होतं त्यांना तिथला मुलगा दोनदा परत पाठवत होता. लाइफ जॅकेटही सक्तीचं. तुला माहीत आहे मी पाण्यात कसा आहे, त्यामुळे मला सक्तीची गरज नव्हती, मी दोन मागितली.

लाकडी जिना अंधारात उतरतो. बाहेरची भट्टी चार पायऱ्यांत विझते. खाली गुहा, छताला मध्यभागी एक भोक, आणि त्यातून उन्हाचा एकच खांब पाण्यात रोवलेला. वरच्या झाडाची मुळं छत फोडून दोरखंडासारखी पाण्यापर्यंत लोंबतायत. पाणी इतकं नितळ की उजेड पडतो तिथे तळाचे दगड हाताला लागतील असे वाटतात आणि दोन हात बाजूला नुसता काळोख. कड्यावर एक पक्षी बसला होता, निळसर, शेपटीच्या टोकाला दोन पिसं. शेपटी लंबकासारखी इकडून तिकडे. त्याला तोह म्हणतात, घड्याळपक्षीही म्हणतात. तो अशा विहिरींच्या कपारीत घरटं करतो, म्हणून रानात तो दिसला की पाणी जवळ आहे असं समजायचे.

मी शेवटच्या पायरीवर दहा मिनिटं बसून राहिलो. पायांना बारीक काळे मासे लुचत होते. आपल्या विहिरीत तू मला पाठीवर धरून ओरडायचास ते आठवलं, "मान सोड, लेका, मान सोड!" शेवटी मान सोडली. कान पाण्याखाली गेल्याबरोबर सगळे आवाज बंद झाले, फक्त माझा श्वास. वर ते भोक आणि त्यात आकाशाचा तुकडा.

तेवढ्यात गाईड पोहत शेजारी आला आणि सकाळचं उत्तर दिलं. हा सगळा मुलूख चुनखडीचा. पाऊस पडतो तो वाहत नाही, मुरतो. मुरताना दगड विरघळवत जातो, खाली पोकळ्या होतात, पोकळीचं छत कोसळलं की सेनोते. नद्या आहेत, पण जमिनीखाली. तुलुमजवळच्या सक आक्तुन नावाच्या पाण्याखालच्या गुहा पाणबुड्यांनी मोजल्या, 2018 पर्यंत 347 किलोमीटर. म्हणून तो शॉवर. इथे धुतलेलं क्रीम कुठल्या गावच्या विहिरीत निघेल सांगता येत नाही. डायनासोरना संपवणारी उल्काही त्याने मध्ये आणली. तेवढं मात्र मी गाळून घेतलं. तिने पाडलेल्या विवराच्या कडेने सेनोत्यांचं कडं आहे हे खरं, पण ते पश्चिमेला, मेरिदा शहराच्या भोवती. आम्ही तरंगत होतो ते त्यातलं नव्हे.

मग तो म्हणाला, "चि म्हणजे तोंड, चेन म्हणजे विहीर. इत्सा लोकांच्या विहिरीचं तोंड. नावात पिरॅमिड कुठेच नाही." आणि 2015 मध्ये शास्त्रज्ञांनी जमिनीतून वीज सोडून तपासलं तेव्हा त्या पिरॅमिडच्या बरोबर खालीसुद्धा पाण्याने भरलेली पोकळी निघाली.

बंड्या, मी टूर घेताना पोहण्याला "जोडीला काहीतरी" समजत होतो, जेवणाबरोबर पापड असतो तसं. सकाळभर दगड बघितले, पण ते शहर तिथेच का, हे त्या गार पाण्यात उताणा पडल्यावर कळलं. म्हणून तू क्रम उलटा कर. वायादोलिद या जुन्या गावात मुक्काम टाक. गावाच्या मधोमध साकी नावाचं सेनोते आहे. पहिल्या संध्याकाळी तिथे उतर, आणि दुसऱ्या दिवशी दार उघडताच चिचेन इत्सा. पिरॅमिड राहू दे, आधी उत्तरेचा पांढरा रस्ता पकड, तेव्हा तिथे गर्दी नसते. पायात पाण्यात चालणारे सँडल घाल, दगड शेवाळलेले असतात. रोख पेसो जवळ ठेव.

परतीच्या वाटेवर सीमा ओलांडल्यावर माइक खरखरला, "मंडळी, तुमचा तास." सगळे झोपले होते. माझं घड्याळ अजून पुढे केलेलं नाही, त्यात आत्ता साडेदहाच झालेत.

तुझ्या तारखा कळव. वहिनींना नमस्कार, धाकटीला सांग की शिट्टी आणली आहे आणि तिच्या आईला आत्ताच सांगू नकोस.

तुझाच,
दोन जॅकेटवाला

ता. क. टाळी दोरीच्या अगदी जवळून वाजवू नकोस, दहा-पंधरा पावलं मागे ये. जर्मन आजोबांनी शोधून काढलं.